वाऱ्याची शिक्षा

रविवारी दुपारी धाकट्या बहिणीकडे जेवायला जायचं, हा थोरलीचा नवरा गेल्यापासूनचा नेम होता. थोरली त्रेसष्ट वर्षांची, प्राथमिक शाळेतून निवृत्त झालेली. धाकटी तिच्याहून पाच वर्षांनी लहान, पण तिच्या हाताला अजून उसंत नव्हती. बाजाराच्या तोंडाशी तिचं घड्याळदुरुस्तीचं दुकान होतं आणि वर राहायचं घर. उजव्या डोळ्यानं तिला दिसत नसे. बुबुळावर साय धरल्यासारखा पांढरट डाग होता. त्याचं भांडवल तिनं कधी केलं नाही. उलट नवं गिऱ्हाईक बिचकलं की तीच म्हणायची, "बाकीच्या घड्याळजींना भिंग लावलं की दुसरा डोळा मिटावा लागतो. माझे तेवढे कष्ट वाचले."

त्या रविवारी जेवणं उरकली आणि धाकटीच्या नातीनं भुणभुण लावली. नात नऊ वर्षांची. तिला मैत्रिणीबरोबर समोरच्या बागेत जायचं होतं, आणि बरोबर मोठं माणूस नको होतं.

"एकटीनं अजिबात नाही," तिची आई, म्हणजे धाकटीची मुलगी, म्हणाली. "मी येते. बाकावर बसून राहीन."

"तू बाकावर बसलीस की आम्हाला खेळताच येत नाही. तू सारखी बघतेस."

"जाऊ दे की गं तिला," धाकटी म्हणाली. "आम्ही काय होतो? सकाळी घराबाहेर पडलेलं पोर पोटात कावळे ओरडायला लागले की परत. मधे कुठं गेलो, काय केलं, आईबापांना पत्ता नसायचा. ताई, सांग हिला तुमच्या राज्याची गोष्ट."

ती गोष्ट घरात सगळ्यांना पाठ होती, तरी थोरली सांगायला लागली की ऐकणारे ऐकतच बसत. तिच्याकडे हातोटीच तशी होती. चौतीस वर्षं पहिलीच्या पोरांना गप्प बसवायचं म्हणजे काही खायचं काम नव्हे.

त्यांचे वडील पाणीपुरवठ्याच्या पंपावर कामाला होते आणि घर नोकरांच्या वसाहतीत होतं. वसाहतीच्या मागं एक अर्धवट इमारत उभी होती. मालक भावाभावांत फाटलं आणि काम तिसऱ्या मजल्यावर थांबलं, ते थांबलंच. दारं नाहीत, खिडक्या नाहीत, जिन्याला कठडा नाही. मोठ्यांच्या लेखी ती एक पडीक वास्तू होती. पोरांच्या लेखी तो देश होता. खालची वाळू म्हणजे समुद्र. खांबांतून वर आलेल्या सळ्या म्हणजे जंगल. एका खोलीत तडा गेलेल्या विटांचं इस्पितळ होतं आणि तिथं रोज सकाळी तपासणी व्हायची. टपालखात्याचा कागद सिमेंटच्या रिकाम्या पिशव्यांचा. दुसऱ्या मजल्यावरचा बोळ ही नदी होती, तिच्यात सात विटा टाकल्या होत्या आणि त्यांवरून उड्या मारतच पलीकडे जायचं. नदीत पाय पडला की बुडाला.

"आणि कुणी बघत नसलं तर?" नातीनं विचारलं.

"तरी उड्याच. एकटी असले तरी मी उड्या मारूनच जायचे."

"राणी कोण होतं?"

"राणीबिणी नव्हतं कुणी. मी मुख्य होते. सगळ्यांत मोठी, अकरा वर्षांची. आणि कायदे मला सुचायचे."

नात म्हणाली, "आजीचा डोळा तिथंच गेला ना?"

थोरलीची गोष्ट दर वेळी इथवर यायच्या आत संपत असे. या वेळी उत्तर धाकटीनंच दिलं.

"तिथंच. टिटवी म्हणून एक मुलगी होती. आवाज असा चिरका की चार घरं सोडून ऐकू जावा. ती दहाची, मी सहाची. मागच्या बाजूला चुना भिजवायचा खड्डा होता, तिथं ती खेळत बसायची. मी गेले तिच्याकडे. मीच खड्ड्यात अर्धी वीट टाकली, आणि चुना उडाला तो सरळ डोळ्यात. अन् ही बया मला तशीच टाकून पळाली. अर्ध्या तासानं रस्त्यावरच्या इस्त्रीवाल्यानं माझं रडणं ऐकलं. डॉक्टर म्हणाले, लगेच पाण्यानं धुतला असता तर डोळा वाचला असता."

"मग तू तिला रागावली नाहीस?"

"रागावले की. पण फार वर्षांनी." धाकटी सुपारी कातरावी तशी तुकड्यातुकड्यानं बोलत होती. "नऊ वर्षं झाली त्याला. दुकानात एक बाई आली. पावती फाडून झाली आणि मग म्हणते, ओळखलंस का, मी टिटवी. हातात नवऱ्याचं बंद पडलेलं घड्याळ. नवरा महिन्यापूर्वी गेलेला. मी ते उघडलंसुद्धा नाही. भरल्या दुकानात म्हटलं, तुझी वेळ माझ्या हातून सुरू व्हायची नाही, ऊठ इथून. काही बोलली नाही. घड्याळ उचललं आणि गेली."

"बरं केलंस," धाकटीची मुलगी म्हणाली.

घड्याळाची ही हकिकत थोरलीनं पहिल्यांदाच ऐकली. तोंड उघडायची ती वेळ होती, तिला समजत होतं. तिनं समोरच्या ताटलीतली सफरचंदाची फोड उचलली, खाल्ली, आणि आता निघते म्हणाली.

घरी येऊन ती चपला न काढताच खुर्चीत बसली.

टिटवी सोडली तर खरी हकिकत तिला आणि आणखी तिघांना ठाऊक होती. ते तिघे म्हणजे शेजारची जुळी भावंडं आणि ढेमश्या नावाचा एक गुटगुटीत मुलगा. जुळी परदेशी गेली, ढेमश्या वारला.

अपघाताच्या महिनाभर आधी टिटवीनं आपल्या आईला सांगून टाकलं होतं, की आम्ही तिसऱ्या मजल्यावर जातो आणि तिथं कठडा नाही. सगळ्या आया चालून आल्या. जुळ्यांना मार बसला. पंधरा दिवस इमारतीकडे फिरकायची बंदी झाली. पण मोठ्यांना कामं असतात. बंदी हळूहळू ढिली पडली, राज्य पुन्हा सुरू झालं, आणि पहिल्याच दिवशी न्यायसभा बसली.

नुसती कट्टी ही थोरलीला शेंबड्या पोरांची शिक्षा वाटत होती. तिनं नवीन काढली. म्हणाली, "टिटवी आजपासून वारा. वारा दिसत नाही. वारा बोलला तर ऐकू येत नाही. आठ दिवस." आणि त्याच बैठकीत दुसरा कायदा केला, की राज्यातली कुठलीही गोष्ट मोठ्यांना सांगायची नाही. मेलं तरी नाही.

पहिले दोन दिवस टिटवीला गंमत वाटली. ती काही बोलली की सगळे एकमेकांना म्हणायचे, "वारा सुटलाय बुवा आज!" ती खिदळायची. तिसऱ्या दिवशी ती रडली. चौथ्या दिवशी ती इमारतीच्या मागं, चुन्याच्या खड्ड्यापाशी, एकटीच खेळायला लागली. धाकटीला राज्यात काही हुद्दा नव्हता, ती नुसतीच प्रजा. वरच्या बैठकांना कंटाळून पाचव्या दिवशी ती खाली टिटवीकडे गेली. थोरलीनं तिला जाताना पाहिलं होतं. ब्याद टळली असंच तिला वाटलं होतं.

वर जुळ्यांच्या भांडणाचा निवाडा चालू होता. थोरली जिन्याच्या तोंडाशी बसली होती, तिथून खालच्या मजल्यावरचा बोळ दिसायचा. जिन्यावर पावलं वाजली. टिटवी धावत येत होती. बोळाशी आल्यावर ती थबकली आणि सात विटांवरून सात उड्या मारून पलीकडे आली. अशा वेळीही तिनं नदीत पाय टाकला नाही. हे थोरलीनं स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं होतं. टिटवीचे हात कोपरापर्यंत पांढरे होते.

"धाकटीच्या डोळ्यात चुना गेलाय," ती म्हणाली. "ती रडतेय. खाली पाणी नाहीये."

सगळ्यांनी थोरलीकडे पाहिलं.

पुढं बावन्न वर्षं थोरलीनं मनाची नाना परींनी समजूत घातली. टिटवी नेहमीच तिखटमीठ लावून सांगायची. खेळाच्या भरात काही सुचत नाही. अकरा वर्षांच्या पोराला अक्कल ती किती. पण खरं सांगायचं तर तिला कळलं होतं. टिटवीचा आवाज चिरका नव्हता. ती हळू बोलत होती, आणि टिटवीला हळू बोलताना तोवर कुणी ऐकलं नव्हतं. थोरलीला कळलं होतं, आणि सगळे आपल्याकडे बघतायत हेही कळलं होतं. ती ढेमश्याकडे वळून म्हणाली, "आज वारा फारच सुटलाय, नाही?"

सगळे हसले.

टिटवी खाली गेली, पुन्हा वर आली. या वेळी तिला तोंडही उघडू दिलं नाही, जुळी आधीच "वारा, वारा" करून ओरडायला लागली. तिसऱ्यांदा आली तेव्हा ती काही बोललीच नाही. थोरलीचा फ्रॉक दोन्ही मुठींत धरून तिनं ओढायला सुरुवात केली. थोरलीनं हिसका देऊन तो सोडवून घेतला. मग टिटवी गेली ती आली नाही. जरा वेळानं खालून पुरुषमाणसाचं ओरडणं ऐकू आलं.

इस्त्रीवाल्यानं धाकटीला उचलून दवाखान्यात नेलं. आईवडील तिकडे धावले. मागं राहिलेल्या थोरलीच्या लक्षात आलं, की फ्रॉकवर दहा बोटांचे पांढरे ठसे आहेत. तिनं नळाखाली बसून ते घासघासून धुतले. जे पाणी डोळ्याला मिळालं नाही ते फ्रॉकला मिळालं.

संध्याकाळी वडिलांनी सगळ्या पोरांना ओट्यासमोर उभं केलं.

"टिटवी तुम्हाला सांगायला आली होती?"

"नाही," थोरली म्हणाली.

"आले होते!" टिटवी किंचाळली. "तीनदा आले होते!"

वडिलांनी बाकीच्यांकडे पाहिलं. जुळी जमिनीकडे बघत राहिली. ढेमश्या म्हणाला, "नाही आली." आणि थोरलीनं वर पुस्ती जोडली, "ती नेहमीच खोटं बोलते."

टिटवीच्या आईनं तिला तिथंच, सगळ्यांदेखत, हात दुखेपर्यंत मारलं. नंतर वसाहतीत कुणीही तिचा उल्लेख "ती, डोळा घालवणारी" असाच करायचं. तीन महिन्यांनी त्यांनी ते घर सोडलं.

थोरली मोठी झाली, शिक्षिका झाली. तिनं कधी कुठल्या मुलाला वर्गाबाहेर काढलं नाही, कोपऱ्यात उभं केलं नाही. मुख्याध्यापक म्हणायचे, बाई फार मऊ आहेत. तिला ते ऐकून बरं वाटायचं, आणि बरं वाटलं म्हणून नंतर लाज वाटायची.

दोन दिवस ती घरातल्या घरात फेऱ्या घालत राहिली. मंगळवारी सकाळी ती दुकानात गेली.

"ताई, आज मंगळवार," धाकटी भिंग न काढता म्हणाली. "वार चुकला का तुझा?"

थोरली गिऱ्हाइकाच्या स्टुलावर बसली. सगळं सांगायचं म्हणून शब्द जुळवून आणले होते, ते ऐनवेळी पसार झाले. ती एवढंच म्हणाली, "टिटवी पळाली नव्हती. ती आम्हाला बोलवायला आली होती. मी ऐकलं नाही, आणि नंतर खोटं बोलले."

चिमट्यात धरलेला स्क्रू धाकटीनं वाटीत ठेवला, वर झाकण ठेवलं, मग भिंग काढलं.

"कितीदा आली?"

"तीनदा."

"काय म्हणाली?"

"डोळ्यात चुना गेलाय. ती रडतेय. पाणी नाहीये."

"आणि तुला ते ऐकू आलं होतं."

"पहिल्या खेपेलाच आलं होतं."

मग थोरलीनं वाऱ्याच्या शिक्षेचं सांगितलं, फ्रॉक धुतल्याचं सांगितलं, वडिलांसमोर काय बोलली ते सांगितलं. भिंतीवर लहानमोठी वीसेक घड्याळं होती. धाकटी त्यांच्याकडे बघत होती, कुठलं मागं पडलंय ते तपासल्यासारखी.

"आई शेवटच्या दुखण्यात मला म्हणाली होती," धाकटी म्हणाली, "त्या मुलीबद्दल मनात अढी ठेवू नकोस. मी म्हटलं, ठेवणार. तू पायथ्याशी बसली होतीस, ताई. पाय चेपत होतीस तिचे."

खरंच बसली होती ती.

"डोळ्याचं म्हणशील, तर मी ते केव्हाच सोडून दिलंय. एक डोळा कमी, आणखी काय. पण एक बाई नवऱ्याचं घड्याळ घेऊन माझ्या दारात आली आणि मी तिला हाकललं. हौसेनं हाकललं. वर इतकी वर्षं स्वतःची पाठ थोपटत बसले. ते आता मी कुठं ठेवू, सांग."

"मला माफ कर गं."

"आत्ता नको. गिऱ्हाईक येईल."

आणि खरंच एक जण पट्टा बदलायला आला. धाकटीनं त्याचा पट्टा बदलला. थोरली स्टुलावरून उठून बाजूला उभी राहिली, मग थोड्या वेळानं निघून गेली.

तीन रविवार फोन आला नाही. चौथ्या आठवड्यात आला. "पत्ता सापडला," धाकटी म्हणाली. "जुन्या पावत्यांच्या गठ्ठ्यात होता. शनिवारी चार वाजता बसथांब्यावर ये." आणि ठेवून दिला.

पत्ता तळमजल्यावरच्या दोन खोल्यांचा होता, पुढं जाळी ठोकलेलं अंगण. फाटकावर पाटी होती: पाळणाघर. आत दहाबारा मुलं होती. चटयांवर ठोकळे, कोपऱ्यात एक रबरी हत्ती, आणि सगळ्यांच्या मधोमध कमरेवर हात ठेवून उभी असलेली एक जाडजूड बाई. केस पांढरे, आखूड कापलेले. "हत्तीच्या सोंडेला चावू नकोस," ती कुणाला तरी म्हणाली, आणि तो आवाज ऐकून थोरली फाटकातच थांबली.

टिटवीनं आधी धाकटीचा डोळा पाहिला, मग थोरलीकडे पाहिलं. ओळखायला तिला वेळ लागला नाही.

"घड्याळ दुसरीकडे दुरुस्त झालं," ती म्हणाली.

"मी चुकले," धाकटी म्हणाली. "मला खरं ठाऊक नव्हतं. आत्ता कळलं. तेवढ्यासाठी आलेय."

टिटवीनं दोघींना आत घेतलं. बसायला मुलांच्याच बुटक्या खुर्च्या होत्या. थोरली बसली तेव्हा तिचे गुडघे हनुवटीला लागले. टिटवी मात्र बसली नाही. बोलताना तिची नजर मुलांवरून क्षणभरही ढळत नव्हती.

"तुम्ही..." थोरलीनं सुरुवात केली, मग तिला वाटलं हे बरं दिसत नाही. "तू आली होतीस. तीनदा. मी ऐकलं होतं."

"माहीत आहे."

"माहीत आहे?"

"तुझे डोळे हलले होते. पहिल्यांदा आले तेव्हाच. मला वाटलं आता उठशील." टिटवीनं एका पोराच्या हातातला ठोकळा काढून दुसऱ्याला दिला. "मग खाली गेले. फ्रॉकनं हिचा डोळा पुसत बसले, हिला ते आठवतही नसेल. चोळायचा नसतो म्हणे तो, पण मला काय माहीत. शंभर पावलांवर इस्त्रीवाला उभा होता. त्याची गाडी दिसत होती मला. मी नाही गेले त्याच्याकडे."

"का?" धाकटीनं विचारलं.

"मोठ्यांना सांगायचं नाही असा कायदा होता ना. एकदा सांगितलं म्हणून तर वारा झाले होते. आठातले पाच दिवस भरले होते. म्हटलं, आता पुन्हा सांगितलं तर कधीच आत घेणार नाहीत. शेवटी तू इतकी जोरात रडलीस की त्यालाच ऐकू गेलं." ती थांबली. "म्हणून दुकानात तू मला ऊठ म्हणालीस तेव्हा मी उठले. मला वाटलं बरोबरच आहे. मुलांच्या आया मला म्हणतात, जरा मोकळं सोडा त्यांना, पूर्वी कशी मुलं खेळायची. मी म्हणते, होय होय. पण दार लावते."

"कायदा माझा होता," थोरली म्हणाली. "तुझा त्यात काही दोष नाही."

"होय, तुझाच होता," टिटवी म्हणाली. तिनं ते सौम्य करून सांगितलं नाही.

मुलांचा कलकलाट चालू होता. मग टिटवी म्हणाली, "एक करशील? आतल्या खोलीत आई आहे. शहाऐंशीची झालीय. तिला सांग. मी कितीदा सांगितलं, तिला ते कधी पटलं नाही. ती म्हणते, मुलीनं चूक केली पण माझीच मुलगी आहे, मी सांभाळून घेतलं. अजून म्हणते."

आतल्या खोलीत खिडकीपाशी पलंगावर म्हातारी बसली होती. टिटवीनं तिला हातानं खूण केली, कुणी आलंय.

"मोठ्यानं बोला," म्हातारी म्हणाली. "कानातलं मशीन काढून ठेवलंय मी. या पोरांनी जीव नकोसा केलाय."

"काकू, मी पंपवाल्यांची थोरली."

"काय?"

"पंपवाल्यांची थोरली!" थोरली ओरडली. "काकू, टिटवी खरं बोलत होती! ती आम्हाला बोलवायला आली होती! तीनदा! मी ऐकलं, आणि नंतर बाबांना खोटं सांगितलं!"

बाहेरचा कलकलाट बंद झाला. चारपाच पोरं दारात येऊन उभी राहिली. "या आजी कुणाला रागावतायत?" एकानं विचारलं.

"कुणाला नाही. खेळा तुम्ही," टिटवी म्हणाली.

म्हातारी थोरलीकडे बघत राहिली. तिला सगळं ऐकू गेलं होतं.

"एवढी वर्षं काय करत होतीस?" तिनं विचारलं.

प्रश्न साधा होता. "शाळेत शिकवत होते," थोरली ओरडून म्हणाली.

"शाळेत," म्हातारी म्हणाली. मग तिनं थोरलीकडे पाठ केल्यासारखं लेकीला जवळ बोलावलं. "मी तुला सगळ्यांसमोर मारलं होतं."

"हो."

"तेव्हा तू हेच म्हणत होतीस?"

"हेच."

"मग मोठ्यानं नाही का म्हणायचं?"

टिटवी हसायला लागली. "आई, माझ्याहून मोठ्यानं कोण म्हणणार होतं गं!" ती हसतच राहिली आणि हसता हसता तिनं पलंगाची कड धरली. म्हातारीनं तिचा हात आपल्या मांडीवर ओढून घेतला. थोरली आणि धाकटी बाहेर आल्या.

मुलांना न्यायला आईबाप यायला लागले होते. टिटवी फाटकापर्यंत आली. धाकटीला म्हणाली, "तुला काय माहीत होतं. तू सहाची होतीस. येत जा." थोरलीला म्हणाली, "माफ केलं, असं म्हणवून घ्यायला आली असशील, तर ते आज माझ्याजवळ नाही. पण आईला सांगितलंस हे बरं केलंस." आणि फाटकाला आतून कडी घातली.

परतीच्या बसमध्ये दोघी शेजारी बसल्या. उतरताना धाकटी म्हणाली, "उद्या येऊ नकोस. पुढच्या रविवारी ये."

पुढच्या रविवारी थोरली गेली. जेवणाआधी नात येऊन तिला चिकटून बसली आणि म्हणाली, राज्याची गोष्ट सांग. थोरलीनं स्वयंपाकघराकडे पाहिलं. धाकटी ताटं पुसत होती. तिनं वर पाहिलं नाही, पण पुसणं थांबवलं.

थोरलीनं या वेळी गोष्ट सगळी सांगितली. विटांचं इस्पितळ, वाळूचा समुद्र, नदी, आणि वाऱ्याची शिक्षा. तिन्ही फेऱ्या सांगितल्या, फ्रॉकसुद्धा. सांगताना हातोटी वगैरे काही राहिली नाही, मधेमधे अडखळायला झालं.

नात हळूहळू तिच्यापासून सरकली. तिला ते बहुधा समजलंही नसावं, पण दोघींच्या मधे वीतभर जागा झाली होती.

"मग तुला शिक्षा काय झाली?" तिनं विचारलं.

"काही नाही."

"काहीच नाही?"

"कुणाला कळलंच नाही ना."

नातीनं तिच्याकडे नीट पाहिलं, नवीन माणसाकडे पाहावं तसं. मग ती उठली आणि आजीला ताटं मांडायला मदत करायला गेली. थोरली जागेवरच बसून राहिली. आतून ताटं मोजल्याचा आवाज येत होता, आणि जरा वेळानं धाकटी म्हणाली, "ताई, ये आता, वाढलंय."